पुढे गेलेलं गाठोडं

फुंचोक ड्रायव्हर गाडीशिवाय, पायी वर आला, तेव्हाच कुंझेसला कळून चुकलं. तरी ती पोट सावरत उंबऱ्याशी गेलीच.

"खिंड बंद झाली, ताई," बुटांवरचा बर्फ झटकत तो म्हणाला. "रात्रीत कंबरभर पडलाय. गाडी खाली पुलापाशीच सोडून आलो. आता उन्हाळ्याशिवाय चाक हलत नाही."

"आणि परवा उघडी होती?"

"परवा?" तो खजील झाला. "परवा रस्त्यावर धुरळा उडत होता."

चुलीपाशी सासूने लोणी घातलेल्या चहाची घुसळण थांबवली.

परवा गाडी दारात उभी होती. प्रस्थानाचा मुहूर्तही परवाचाच, गोंपातल्या म्हाताऱ्या लामांनी काढून दिलेला. पण नेमकं त्याच दिवशी लामांची मंडळी घरी पोथ्या वाचायला बसायची होती. एवढ्या जणांच्या चहा-भाकरीला घरात दुसरे हात कुठले? मग सासूने तोडगा काढला. मुहूर्त गाठून कुंझेसचं गाठोडं बाहेर काढलं आणि शेजारच्या दाराशी, खिंडीकडे तोंड करून ठेवलं. "झालं तुझं प्रस्थान! आता दोन दिवसांनी गेलीस तरी निघाल्यातच जमा." इथे असं सगळेच करतात. लामांनीही मान डोलावली आणि आणखी चहा मागितला.

गेल्या हिवाळ्यात कुंझेसचं पहिलं मूल याच खोलीत अडलं आणि गेलं. ती स्वतः कशीबशी वाचली. दवाखाना खिंडीपलीकडे आहे.

"घाबरू नकोस गं," सासू म्हणाली. "मुहूर्त चांगला साधलाय."

"गाठोड्याने साधलाय, आमा-ले. त्याचं बाळंतपण सुखरूप होईल."

सासूला असं ती आजवर कधी बोलली नव्हती. तिला भयंकर भीती वाटत होती, आणि भीतीपेक्षाही राग आला होता. शाल ओढून ती बाहेर पडली.

शेजारच्या दाराशी गाठोडं होतं तसंच होतं. गाठीतून बाळाच्या टोपीची लोकर डोकावत होती. कुंझेस त्याला टेकून बसली. समोर खिंड पांढरीफटक. वर गोंपात संध्याकाळचं शिंग वाजायला लागलं.

थोड्या वेळाने सासू धापा टाकत आली. "चल घरी. गारठशील."

"निघालेल्या माणसाने परत फिरू नये ना? अपशकुन होतो. तुम्हीच सांगता."

सासूने गाठोड्याकडे हात नेला, पण मागे घेतला. मग पाठीवरचं मेंढीचं कातडं सोडून तिने सुनेभोवती गुंडाळलं आणि गुडघ्यांवर हात टेकत ती खाली वाकली.

"सरक जराशी," ती म्हणाली.