खोलीचा आवाज

मुलाखत संपली तशी सिद्धम्माने रिमोट उचलून टीव्ही लावला.

"आजी, आणखी एक मिनिट बंद ठेवायचा," उर्वी म्हणाली. "पंखा, फ्रीज, सगळंच. कुणी बोलायचं नाही."

"सांगायचं ते सांगितलं की सगळं. आता काय ऱ्हायलं?"

"नुसत्या खोलीचा आवाज घ्यायचाय," सर्वेश म्हणाला. ध्वनिमुद्रणाचं काम त्याच्याकडे होतं. "कुणी बोलत नसताना खोली कशी वाजते, तेवढंच. बोलण्यामधल्या मोकळ्या जागा भरायला लागतं."

"खोली वाजती?" सिद्धम्माने विचारलं.

निलंग्यापलीकडच्या या गावात पावसाळ्यापासून जमिनीखालून आवाज येत होते. काहींना ऐकू यायचे, काहींना नाही. उर्वी त्यावर माहितीपट करत होती. तपासणीला आलेल्या लोकांनी यंत्रं लावून पाहिली आणि काही नाही म्हणून सांगितलं. सिद्धम्माला ऐकू यायचे. म्हणून या घरात दिवसभर टीव्ही चालायचा आणि रात्री उशाशी मोबाइलवर भजनं. वीज गेली की ती अंगणात जाऊन बसायची.

"अव्वाचं भूत सिरियलला भितंय," दारातून मल्लेश म्हणाला. तिचा मुलगा. पायात बूट घालून तो रेणापूरला निघाला होता. सुकन्या, त्याची बायको, दीड महिन्याच्या मुलीला घेऊन आज माहेराहून यायची होती.

"मल्लेश, नको आणू रं लेकराला या घरात. खाली काय हाय कुणाला ठाव?"

"खाली काळी माती हाय. त्याच्याखाली मुरूम." तो हसला. मग सर्वेशकडे वळला. "सर, मलाबी ऐकू द्या एकदा. म्हंजे हिला तोंडावर सांगता येईल."

सर्वेशने त्याला दुसरा हेडफोन दिला. फ्रीजची पिन काढली. टीव्ही बंद केला. उर्वीने हात वर केला.

सिद्धम्मा खाटेवर ताठ बसली. हात मांडीवर, नजर समोरच्या भिंतीवर.

मल्लेशच्या कानात आधी लांबची मोटार आली. मग गोठ्यातल्या म्हशीची साखळी. मग काहीच नाही. त्याने आईकडे बघून मान हलवली, बघ, म्हणून.

आणि तेव्हा ते आलं. खोल, बुजलेलं, एकामागून एक. धप्. धप्. धप्. मध्ये काहीतरी घासल्यासारखं. मल्लेशने पाय जमिनीवर घट्ट दाबले. पायांना काही लागत नव्हतं. कानातलं मात्र वाढत होतं, आणखी जलद होत होतं. त्याने हेडफोनचा एक कान सरकवला. खोली गप्प होती. परत लावला. धप्. धप्.

त्याने सर्वेशच्या दंडाला धरलं.

सर्वेशने सिद्धम्माकडे बोट दाखवलं. मुलाखतीच्या वेळी सिद्धम्माच्या पदराला लावलेला बारका माइक अजून तिथंच होता, छातीवर, काळजाच्या अगदी वर. काढायचा राहून गेला होता.

मल्लेश आईकडे बघत राहिला. ती तशीच बसली होती, तोंडावरची रेषही न हलवता. बाहेरून बघणाऱ्याला वाटलं असतं, म्हातारी देवळात बसली आहे.

"झालं," उर्वी म्हणाली.

कुणी टीव्ही लावला नाही. सिद्धम्माने मुलाकडे पाहिलं. "आला का रं कानावर?"

सर्वेशने मान खाली घातली. तो वायर गुंडाळू लागला.

मल्लेशने हेडफोन काढून खाटेवर ठेवला. "हाव," तो म्हणाला. "आला."

त्याने खिशातून मोबाइल काढला. "सुकन्या? आज न्हाई येत मी. तू ऱ्हा आणखी तिकडंच. न्हाई, काही झालं न्हाई. सांगतो नंतर."

आईला आता बरं वाटेल म्हणून तो तिच्याजवळ जाऊन बसला. सिद्धम्मा बाजूला सरकली. तिने दोन्ही पाय जमिनीवरून उचलून खाटेवर घेतले.

"खरंच ऐकलास?"

"हाव, अव्वा."

"तू हसायलास तवर वाटायचं, मलाच भास हुतोय," ती म्हणाली. "तेवढ्यावरच झोप लागायची रं मला."