दोनसोलची वाटणी

सिदाच्या कुंपणातून पाटीभर लुकोत निघाला, तेव्हाच पुरिंगच्या मनात पाल चुकचुकली.

लुकोत म्हणजे दोनसोलची अंडी. हिरव्या शेवयांचा गुंता असावा तशी, बाजारात खायला विकली जाणारी. आणि दोनसोल म्हणजे तळहाताएवढी, बिनशंखाची समुद्री गोगलगाय. दोघी बहिणींच्या आईने उथळ पाण्यात बांबूचं कुंपण घालून चोवीस दोनसोल पाळले होते. आई गेली आणि वाटणी थोरलीने, म्हणजे पुरिंगने केली. बारा सिदाला, बारा स्वतःला. सिदासाठी शेजारीच नवं कुंपण घातलं. गावाने तोंड भरून कौतुक केलं. थोरली असून एकही जास्त घेतला नाही, म्हणाले.

त्याला दोन महिने झाले. पाणी ओसरलं की सिदा रोज वाकून लुकोत काढत होती. हे व्हायला नको होतं. का नको होतं, ते पुरिंगने नवऱ्यालाही सांगितलं नव्हतं. पण सिदाच्या कुंपणात अंडी येणं शक्यच नाही, हे तिला पक्कं ठाऊक होतं. मग येतात कुठून? दोन कुंपणांत अंतर दहा पावलांचं.

तिने झाकणाच्या बारा टोपल्या आणल्या. एका टोपलीत एक दोनसोल टाकला. झाकणं मासेमारीच्या दोरीने बांधली, वर दगड ठेवले. आता काढ म्हणावं.

आठवड्याभरात तिचा लुकोत निम्म्यावर आला. मग मूठभर. दोऱ्यांच्या गाठी मात्र तिने मारल्या तशाच होत्या. पुरिंगने एकेक गाठ चाचपून पाहिली. म्हणजे ही बया गाठसुद्धा माझ्यासारखीच मारायला शिकली.

बाजारात सिदा शेजारीच बसायची. एकदा तिने पुरिंगच्या पाटीत डोकावून पाहिलं.

"मनांग, आज तुझी पाटी हलकी दिसते. माझ्यातला घे ना थोडा."

"माझंच मला वाढतेस होय?" पुरिंग म्हणाली.

मनांग, म्हणजे थोरली बहीण, थट्टा करते आहे असं वाटून सिदा हसली. त्या हसण्याने पुरिंगचं डोकं फिरलं. ती उठली ती थेट कापितानाकडे, गावच्या प्रमुखाकडे गेली.

दुसऱ्याच्या कुंपणात हात घालणाऱ्याचे बांबू गाव उपटून टाकतं आणि त्याला पुन्हा कधी रोवू देत नाही. सिदाचा नवरा बोटीवरून परत आलाच नव्हता. पदरी दोन मुली, आणि पोटाला ते एक कुंपण. पुरिंगला हे सगळं माहीत होतं. तरी तिने कापितानाला पाण्यात उतरवलं.

कापितान तेबान विजार गुडघ्यापर्यंत दुमडून, सपाता हातात धरून, पाय जपत आला. शिंपल्या वेचणाऱ्या बायकाही हातातलं टाकून मागोमाग आल्या.

"गाठ सोडताना हिला पाहिलंस?" शेजारी येऊन उभ्या राहिलेल्या सिदाकडे बोट करत त्याने पुरिंगला विचारलं.

"पाहिलं नाही."

"मग?"

"पाहायला कशाला पाहिजे, कापितान? तिची पाटी बघा, माझी बघा."

कापितानाने दगड सरकवून एक झाकण उघडलं. "हे काय गं? एकेकाला कोठडीत घातलंस? यांनी कुणाचा खून केला?"

बायका खिदळल्या. सिदा मात्र हसली नाही. ती वाकून टोपलीत बघत होती.

"मनांग, एकटा कोंडला तर तो अंडी कशी घालणार? त्याला जोडी लागते. मला विचारायचंस तरी. आई नि मी पाण्यात असायचो, तू बाजारात. तुला कुठून कळणार?" ती दोरी सोडायला लागली. "सगळे एकत्र सोड. पंधरा दिवसांत पाटी भरेल. नाहीच भरली, तर माझ्यातले दोन ने."

"हात लावू नकोस! मला शिकवतेस?" पुरिंगचा आवाज चिरकला. "जोडी लागते म्हणे! मग तुझ्याकडे कशी येतात गं अंडी? चोरल्याशिवाय? तुझ्याकडे तर बाराच्या बारा नर आहेत!"

खिदळणाऱ्या बायका पुढे सरकल्या.

"नर?" कापितान म्हणाला. "तुला काय ठाऊक?"

"ठाऊक नसायला काय झालं? जोडी जमते तेव्हा वर चढतो तो नर. वाटणीच्या आधी चार दिवस मी इथे उभी राहून एकेक वेगळा..."

तिने जीभ चावली.

सिदाने आपल्या कुंपणातला एक दोनसोल उचलला. डिवचल्यामुळे त्याने शाई सोडली. तिच्या बोटांमधून जांभळं पाणी गळू लागलं.

"यांच्यात नर वेगळा नि मादी वेगळी असं नसतं, मनांग," ती लहान मुलीला समजवावं तशी सांगू लागली. "प्रत्येक जण दोन्ही असतो. आज वर चढला तो उद्या खाली असतो. अंडी सगळेच घालतात. आई तर म्हणायची..."

तिने दोनसोल हळूच पाण्यात सोडला. कुंपणातल्या बाराही दोनसोलांवरून तिची नजर एकदा फिरली आणि मग बहिणीच्या तोंडावर येऊन थांबली.

"म्हणजे तू मला ते नर समजून दिले होतेस?"