एका बटणाचा खेळ

आजार वाढत गेला तशी प्रबुद्धची बोटं एकेक करून थांबत गेली. व्हिडिओ गेम मात्र त्याला हवाच असे. म्हणून त्याच्या बहिणीनं, स्वप्नानं, विश्रामबागेतल्या ओळखीच्या पोराकडून त्याचा गेमचा कन्सोल मॉड करून, म्हणजे आतून बदलून घेतला. आता त्यात बाहेरची पॅकेजेस, म्हणजे खेळात बदल करणारे छोटे प्रोग्रॅम, टाकता येत होते. एका पॅकेजनं क्रिकेटचा अख्खा खेळ दोन बटणांवर आला. काही महिन्यांत तेही जमेना, तेव्हा ती पुन्हा शोधाला लागली.

आज एका बटणाचं पॅकेज इन्स्टॉल झालं. तिनं त्याचा अंगठा उचलून बटणावर टेकवला. पडद्यावर गोलंदाज धावत आला आणि दांडी उडाली.

"दाब की रं!"

"दाबतोयच की ताई. मगापासनं."

ती दुसरं पॅकेज शोधायला लॅपटॉपकडे वळली.

"ऱ्हाऊ दे आता," प्रबुद्ध म्हणाला. "बटण तू दाब. कवा दाबायचं ते मी सांगतो."

तिनं कंट्रोलर हातात घेतला. गोलंदाज पुन्हा धावत आला.

"आत्ता!" तो ओरडला.

ते दाबणं म्हणजे त्याचा अंगठाही थांबला हे मान्य करणं होतं. स्वप्नाला बटण दाबवेना.