कृष्णद्रव्य आणि बटाटेवडे

"विश्वातलं बहुतेक द्रव्य दिसतच नाही," डॉ. सोहनी पहिल्या रांगेतल्या चौघांना सांगत होत्या. "पण त्याची ओढ आकाशगंगांना धरून ठेवते. त्या ओढीवरूनच कळतं, कृष्णद्रव्य आहे."

मागच्या रिकाम्या खुर्च्या बघून विज्ञान मंडळाचे सेक्रेटरी बिवलकर घामाघूम झाले होते. आता अध्यक्ष त्यांची बिनपाण्याने हजामत करणार होते.

व्याख्यान संपल्यावर ते सोहनींना चहापानासाठी व्हरांड्यात घेऊन आले. शंभर जणांसाठी मागवलेल्या बटाटेवड्यांच्या पराती चाटूनपुसून साफ होत्या. चटणीसुद्धा उरली नव्हती.

बिवलकरांचा चेहरा खुलला. तिथूनच त्यांनी पेपरवाल्याला फोन लावला. "लिहा, श्रोत्यांची तुडुंब गर्दी."

"अहो, गर्दी कुठे होती?" सोहनींनी विचारलं.

बिवलकरांनी रिकामी परात पुढे केली.

"ओढीवरून कळतं, मॅडम."