तोंडी परीक्षा

नर्सचं नाव पुकारायच्या जरा आधी तिच्या भावाचा फोन आला. "ताई, आई गेली गं. असशील तशी निघ." पण ही भाषेची परीक्षा हुकली की परदेशातली नोकरी हातची जाणार होती. तिनं फोन बंद केला, तोंडावर पाणी मारलं आणि आत जाऊन बसली.

"तुमच्या आईबद्दल सांगा," परीक्षक बाई म्हणाल्या.

नव्या भाषेत शब्द जुळवत ती बोलू लागली. आई पहाटे उठते. रेडिओबरोबर गुणगुणते. मी ड्यूटीवरून येईपर्यंत जेवत नाही.

बाई खूश झाल्या. "वर्तमानकाळ अगदी पक्का आहे तुमचा. आता हेच सगळं भूतकाळात सांगा."

नर्सनं एकही क्रियापद न चुकता सांगितलं.