कॉलरमधली पट्टी
आमच्या लंडनमध्ये भाड्याने पोशाख पुरवणारे प्रत्येक कोटाच्या कॉलरमध्ये तो घालणाऱ्या नटाच्या नावाची पट्टी शिवतात. नवी आली तरी जुनी काढत नाहीत. चाळीस वर्षं मी पडद्यावर बटलरच आहे: दार उघडायचं, ‘या, साहेब’ म्हणायचं आणि बाजूला व्हायचं. आज कपडेपटातल्या नवख्या टॅमसिननं माझ्यापुढे काळा कोट धरला. “जपून हां, काका! बड्या हीरोनं घातलाय हा. ही बघा त्याची पट्टी.” तिच्याखाली आणखी एक होती, पिवळी पडलेली. “ही कुणा सटरफटर नटाची. उगाच मानेला टोचेल तुमच्या,” म्हणत तिनं ती कात्रीनं उसवली आणि कचऱ्याच्या टोपलीत टाकली. मग कोरी पट्टी घेऊन तिनं पेन उघडलं. “हं, काका, तुमचं नाव?” मी वाकलो, टोपलीतली पट्टी उचलली आणि बटलरच्या अदबीनं तिच्यापुढे धरली. “ही घ्या, बाईसाहेब.”