पितळेचं चाक

झाकण उघडायच्या आधीच डॉक्टरांनी निदान केलं.

"आतलं चाक गेलंय. दोन वर्षं झाली असतील घेऊन?"

"दोन वर्षं आणि एक महिना," मिक्सर घेऊन आलेली परिचारिका म्हणाली आणि चकित होऊन बाईंकडे बघायला लागली. बाई नुसत्या हसल्या. त्यांना हे रोजचंच होतं.

डॉक्टर म्हणजे काही खरे डॉक्टर नव्हेत. वाचनालयाच्या तळघरात बाईंनी दुरुस्तीघर काढलं, तेव्हा तिसऱ्याच आठवड्यात हे गृहस्थ जिना उतरून आले, "पूर्वी कारखान्यात होतो" एवढंच बोलले आणि कोपऱ्यातलं टेबल धरून बसले. यंत्राला नुसता कान लावून दुखणं सांगायचे, म्हणून लोकांनीच त्यांना ही पदवी देऊन टाकली.

बाई मात्र खऱ्याखुऱ्या बाई. तीस वर्षं शाळेत शिकवलेलं, त्यामुळे नगरपालिकेच्या साहेबांनाही त्या खडूचा तुकडा फेकून मारतील अशी धास्ती वाटायची. तळघर नगरपालिकेचं, आणि तिथे गाड्या लावायची सोय करायचं घाटत होतं. बाईंनी साहेबांच्या केबिनमध्ये ठाण मांडलं, तेव्हा त्यांनी एक वर्षाची मुदत दिली. वर्षभरात एक हजार वस्तू भंगारात जाण्यापासून वाचवा, जागा तुमची. नाहीतर कुलूप.

आता मुदतीचे दोन दिवस उरले होते आणि फळ्यावर आकडा होता नऊशे एक्याण्णव. परिचारिकेच्या मिक्सरने तो एकाने पुढे सरकला, एवढंच.

पंखे, इस्त्र्या, दिवे बाकीची मंडळी बघत. मिक्सर डॉक्टरांचे. आणि सगळ्यात जास्त मिक्सरच येत, एकाच कंपनीचे, एकाच दुखण्याचे. आत बोटाच्या पेराएवढं प्लॅस्टिकचं दातेरी चाक असायचं. ते झिजलं की मोटर नुसती घरघरायची, पातं हलायचं नाही. कंपनी ते चाक सुटं विकत नव्हती, नवा मिक्सर घ्या म्हणायची. मग डॉक्टर घरच्या लेथवर पितळेची चाकं करून आणत. शेंगदाणे ठेवावेत तशी ती त्यांच्या खिशात असत.

काम झालं की मिक्सर पुसून हातात देत आणि म्हणत, "तुम्हाला त्रास झाला. माफ करा."

लोकांना याची मोठी गंमत वाटायची. काम फुकट करायचं आणि वर माफीही मागायची! असा भला माणूस दिवा घेऊन शोधला तरी सापडायचा नाही, असं बाई ज्याला त्याला सांगत.

बाईंचा स्वतःचा मिक्सर तर डॉक्टरांनी सर्वांत आधी दुरुस्त केलेला. हमी संपली आणि पंधराव्या दिवशी तो बंद पडला होता. त्या दिवशी बाईंचं डोकं फिरलं होतं. "ज्या कोणी हे चाक बनवलंय ना," त्या म्हणाल्या होत्या, "तो माझ्या वर्गात असता, तर वर्षभर बाकावर उभा केला असता त्याला."

डॉक्टरांनी मान वर न करता स्क्रू आवळला होता. "कमीच आहे ती शिक्षा," ते म्हणाले होते. तेव्हापासून बाईंचं त्यांच्याशी जमलं.

परिचारिका मिक्सर घेऊन गेली आणि दुसऱ्या दिवशी दुपारी तिच्या वसतिगृहातल्या आठ मैत्रिणी रांगेने जिना उतरल्या. प्रत्येकीच्या कडेवर मूल असावं तसा मिक्सर. डॉक्टरांनी चहासुद्धा घेतला नाही. संध्याकाळी साडेपाचला साहेब आले, तेव्हा फळ्यावर एकावर तीन शून्यं होती. साहेबांनी मुकाट्याने कागदावर सही केली. बाईंना भरून आलं. सगळ्यांसमोर डॉक्टरांचे आभार मानावेत म्हणून त्या वळल्या, तर कोपऱ्यातली खुर्ची रिकामी.

हे त्यांचं नेहमीचंच. महिन्यापूर्वी बाईंनी सत्काराचा विषय काढला, तेव्हाही ते चटकन म्हणाले होते, "मानचिन्ह वगैरे नको. एक आहे घरी, तेवढं पुरे."

पण बाई ऐकणाऱ्यातल्या नव्हत्या. त्यांनी गुपचूप लाकडी फलक करून घेतला होता: "हजार वस्तूंना नवं आयुष्य देणाऱ्या आमच्या डॉक्टरांस, कृतज्ञतापूर्वक." शेवटचा शब्द फार लांब होतोय, 'आभार' टाका, असं कोरणाऱ्याने सुचवून पाहिलं होतं. बाईंनी त्याला दाद दिली नव्हती. आभार ओठांवरचे असतात, त्यांना पोटातलं लिहायचं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी फलक काखोटीला मारून त्या डॉक्टरांच्या घरी पोचल्या. दार मुलीने उघडलं. बाबा पितळेची सळई आणायला गेलेत, येतीलच आता, म्हणाली. मग तिने कौतुकाने बाईंना मागच्या खोलीत नेलं. छोटी लेथ, कानशी, खाली पितळेचा कीस. आणि लेथच्या बरोबर समोर, काम करणाऱ्याने मान वर केली की नजरेला पडेल असं, भिंतीवर एकच मानचिन्ह.

"कंपनीतली बाकीची बक्षिसं भंगारात दिली त्यांनी," मुलगी म्हणाली. "हे तेवढं काढू देत नाहीत."

बाईंना फार बरं वाटलं. चला, या माणसाची किंमत आधीही कुणाला तरी कळली होती. आपला फलक शेजारीच लावू, म्हणून त्या खिळा शोधत जवळ गेल्या. शेवटचा शब्द तिथेही तोच होता, कृतज्ञतापूर्वक. मग त्यांनी हौसेने चष्मा चढवला आणि पहिल्यापासून वाचलं.

"मिक्सरमधील पितळेच्या चाकाऐवजी बरोबर दोन वर्षे टिकणारे प्लॅस्टिकचे चाक तयार करून कंपनीची विक्री चौपट केल्याबद्दल, आमच्या मुख्य अभियंत्यास, कृतज्ञतापूर्वक."